गाडीचा ताप बघणारे माणिकअप्पा

आमच्या औरादमध्ये तुमच्या गाडीची तब्येत कशी आहे हे तुम्हाला माहीत नसलं तरी चालतं. माणिकअप्पांना माहीत असतं. सकाळी तुम्ही चावी घेऊन बाहेर पडलात की अप्पा बनियनवर समोरून येतात, दार उघडायला लावतात, गुडघे टेकून स्टिअरिंगखाली डोकं घालतात आणि काडेपेटीएवढा एक प्लग तिथल्या खोबणीत खुपसतात. मग मोबाइल हातभर लांब धरून ॲप उघडतात. आकडे हलायला लागले की म्हणतात, "बोलायली बघ आता. मुकं जनावर हाय बाबा, आपणच इचारावं लागतंय."

जनावर म्हणायचं कारण असं, की अप्पा आयुष्यभर चिंताकीला जनावरांच्या दवाखान्यात कंपाउंडर होते. रिटायर झाले, म्हशी हाताखालून गेल्या आणि गल्लीतल्या गाड्या तावडीत सापडल्या. इंजिन गरम झालं की 'ताप', नुसतं चालू ठेवलं की 'रवंथ', चढावर दमलं की 'धाप'. माझी पिठाची गिरणी आहे. माझ्या गाडीला त्यांनी प्लग लावला आणि चार लोकांत जाहीर केलं, "बालाजी, हिचं नाक चोंदलंय." एअर फिल्टर काढला तर आत पीठ. आता गिरणीवाल्याच्या गाडीत पीठ निघणार नाही तर काय केशर निघणार? पण गल्लीला आठवडाभर हसायला कारण मिळालं.

एका लग्नात तर त्यांनी कहर केला. वरात निघायच्या वेळी नवरदेवाची गाडी अडवली. "ताप बघितल्याबिगर सोडत न्हाई." बँडवाले उन्हात वाजवून वाजवून लाल झाले, घोड्यावर बसलो असतो तर बरं झालं असतं असं नवरदेव पुटपुटला, आणि अप्पांनी ॲपवरचं मोठ्यानं वाचलं, "ऑक्सिजनचं काम बिघडलंय!" झालं! नवरदेवाची आई मटकन खाली बसली. बिचारीला पाणी पाजून 'पोराचा न्हाई, गाडीचा' हे समजावेपर्यंत मुहूर्त टळायची वेळ आली.

एवढा शहाणा माणूस, पण स्वतःची गाडी चालवताना बघवत नाही. बिदरच्या मिस्त्रीकडून त्यांनी ॲक्सिलरेटरच्या पायडलला एक डबी बसवून घेतलीय. पायडल दाबल्यावर गाडीनं किती उसळायचं हे मोबाइलवरून ठरवता येतं. लोक ही डबी गाडी पळवायला बसवतात. अप्पांनी ती सगळ्यात मऊ करून ठेवलीय. ट्रॅक्टर त्यांना मागं टाकून जातात, उसानं भरलेलेसुद्धा! त्यात गाडीतला आरसा कायम वाकडा. मागचं काही दिसत नाही. संतपूरच्या रस्त्याला मी कितीदा त्यांच्या मागं हॉर्न वाजवत शिव्या घालत गेलोय, देव जाणे.

पण त्यांचं हे तापाचं वेड कुठून आलं ते मला माहीत होतं. सुमनअक्कांच्या, म्हणजे त्यांच्या बायकोच्या, किडन्या गेल्या. आठवड्यातून दोनदा बिदरला डायलिसिस. मशीन ठरल्या वेळी मिळतं, उशीर झाला की नंबर जातो. एकदा वाटेतच गाडी तापून बंद पडली. पोचेपर्यंत अक्कांच्या मशीनवर दुसरा पेशंट झोपलेला. ते दोन दिवस अक्कांनी कसे काढले ते सगळ्या गल्लीनं बघितलं. अंगावर सूज, धड झोपता येईना, बसता येईना. त्याच आठवड्यात अप्पांनी तो प्लग मागवला.

आणि या प्लगनंच यंदा घात केला.

खंडेनवमीला आमच्याकडं हत्यारांची पूजा असते. मी गिरणीला हार घालतो. अप्पांनी गाडी धुतली, चाकांखाली लिंबं ठेवली आणि पाटावर सुपारीशेजारी प्लग मांडला. वर मनापासून हळद, कुंकू, गंध आणि नारळाचं पाणी! पिनांपर्यंत देव पोचला पाहिजे अशा बेतानं.

दुसऱ्या दिवशी, दसऱ्याला, अक्कांची डायलिसिसची पाळी होती. मी आंघोळ करून दारात उभा, तर समोर अप्पा गाडीपुढं उकिडवे बसून दात घासायच्या ब्रशनं प्लग घासायलेले. ॲप काही केल्या जुळेना.

"अप्पा, निघा की. वेळ होतोय."

"ताप कळंना रे. आंधळ्यावानी कसं नेऊ हिला?"

"माझी गाडी घ्या."

"तिचा तरी कुठं कळायलाय?" पुन्हा ब्रश घासायला लागले. हसायची वेळ नव्हती. आता निघालं नाही तर नंबर गेला, हे मलाही कळत होतं आणि त्यांनाही. पण माणूस जागचा हलेना.

तेवढ्यात अक्का उंबऱ्यातून बाहेर आल्या. पदर खोचला, मागच्या सीटवर जाऊन बसल्या आणि दार धाडकन लावलं.

"अहो, लगीन करताना माझं रगत तपासून घेतलाव का? तवा न बघता नेलाव न्हवं? मग चला की आता!"

अप्पांचा नाइलाज झाला. मला म्हणाले, "बालाजी, तू बस बाबा संगट. वाटंत काय झालं तर..." मी शेजारी बसलो.

गाडी काही बंद पडली नाही. वेळेत पोचलो, अक्कांना मशीन मिळालं, आणि अप्पा बाहेरच्या बाकावर असे कोसळले की नर्सनं त्यांचंच बीपी तपासलं.

परत येताना पुन्हा तीच बैलगाडीची चाल. मागून गाड्या हॉर्न मारायल्या. मला राहवेना. म्हटलं, "अप्पा, दाबा की जरा! दसऱ्याचं जेवण घरी निवायलंय."

त्यांनी ओठावर बोट ठेवलं. हळूच म्हणाले, "मशीनवरनं उठली की तिला चक्कर येती. गाडी उसळली की उलटी होती. म्हनून तर पायडल मऊ करून घेतलो."

पण मागं गाड्यांची रांग लागलेली, म्हणून निदान आरसा तरी सरळ करावा म्हणून हात वर नेला. अप्पांनी झटक्यात मनगट धरलं.

"हात लावू नको. लई मुश्किलीनं बसतो तो."

मी त्यांच्या बाजूला झुकून बघितलं. आरशात रस्ता नव्हता, गाड्या नव्हत्या. मागच्या सीटवर डोळे मिटून टेकलेल्या अक्का होत्या, बरोबर मधोमध. मी हात खाली घेतला.

संतपूर आलं तेव्हा आरशातले डोळे उघडले.

"अहो, भूक लागली."

अप्पांनी गाडी अशी थांबवली की बैलगाडीची चाल असूनही मी पुढं आदळलो. कारण मशीनवरून आल्यावर अक्का दिवसभर अन्नाला शिवत नाहीत. अप्पा धावतच हॉटेलात शिरले. आतून त्यांचा आवाज रस्त्यापर्यंत यायलेला, "सुसला दे एक पलेट! मीठ कमी, एकदम कमी! कामून म्हंजे? मी सांगायलोय म्हनून!" भिजवलेल्या चुरमुऱ्यांचा तो सुसला अक्कांनी अर्धी प्लेट खाल्ला. अप्पा बोनेटला टेकून त्यांच्याकडं बघत राहिले, आणि गाडीला ताप किती आहे याची त्या दिवशी त्यांना आठवणसुद्धा झाली नाही.

प्लग दोन दिवस तांदळाच्या डब्यात वाळला आणि पुन्हा बोलायला लागला. पहिला मान माझ्या गाडीचा. "नाक परत चोंदलंय," अप्पा म्हणाले. म्हटलं, चोंदू द्या.

अजूनही कधीतरी बिदरच्या रस्त्याला ती गाडी पुढं दिसते. ट्रॅक्टर तिला मागं टाकतात. मी हॉर्नला हात लावत नाही. वाजवून सांगायचं कुणाला? त्यांच्या आरशात मी दिसतच नाही. मी आपला गिअर खाली घेतो आणि मागं मागं जातो.