घोट्याची मोहीम, अर्थात थोरल्या साहेबांनी दोन कोड कसे सर केले

श्रीमंत वाचकांचे सेवेसी विज्ञापना ऐसीजे. मोठ्या इस्पितळातील हाडांच्या खात्याचे सरलष्कर, मोडल्या हाडांचे जोडणार, झिजल्या सांध्यांचे बदलणार, राजमान्य राजश्री थोरले साहेब यांणी आपल्या एका घोट्यापायी जी मोहीम मांडली आणि शेवटास नेली, तिची हकीकत लोक नाना प्रकारे सांगतात. कोणी वाढवून सांगतो, कोणी हसून सांगतो. सबब जे घडले ते, कोणाची भीड न धरिता, लिहून ठेवितो. वाचोन जो बोध होईल तो घ्यावा, न जाहल्यास आपापले घोटे सांभाळावे.

थोरल्या साहेबांची कारकीर्द बहुत जरबेची. त्यांणी गुडघे बदलले आणि खुबे बदलले आणि मोडल्या हाडांस प्लेटा लावून पेच आवळले, आणि बहुतेक माणसे आपल्या पायांनी चालत घरी गेली, हे दुष्मनही कबूल करितील. परंतु शरीरात धातू घातला म्हणजे क्वचित त्यावर जंतू ठाणे देतो, मग पू होतो, मग धातू काढावा लागतो, आणि जंतू गेला तरी ताठलेला सांधा ताठच राहतो. हे जगात सर्वत्र घडते आणि सर्वत्र लिहितात. थोरल्या साहेबांस मात्र ते मंजूर नव्हते. त्यांणी हुकूम फर्माविला की, आमचे खात्यात जंतू येत नाही. आलाच तर त्यास 'किंचित स्राव' म्हणावे. मागे व्यंग उरले तर 'जुना संधिवात' लिहावे. आणि रोगी फारच विचारू लागला तर वय झाले म्हणोन सांगावे. मग खात्याच्या दरवाजावर पितळी पाटी चढली, 'जंतुसंसर्ग: शून्य', आणि येणारेजाणारे पाहुणे तिजपुढे उभे राहून फोटो काढू लागले.

येथे कोड म्हणजे काय ते सांगणे जरूर. इस्पितळाच्या तळघरात, चादरी धुण्याच्या यंत्रांशेजारी, कोडखाना आहे. डॉक्टरांनी लिहिलेला प्रत्येक आजार तेथील मंडळी अक्षरे आणि आकडे मिळोन एका कोडात बांधितात, आणि तो कोड पाहूनच विमा कंपनी कोणास काय द्यावे हे ठरविते. जंतू जाऊन व्यंग मागे उरले, तर कोड दोन लागतात: आज काय उरले त्याचा एक, आणि ते कशापायी उरले त्याचा दुसरा. दुसरा नसेल तर पहिल्यास कोणी विचारीत नाही. आणि कायदा ऐसा की, डॉक्टराने कारण लिहिले नसता कोडखान्याने ते आपले मनाने घालू नये. कोडखान्यास हा कायदा बहुत मानवला, कारण त्यात विचार करणे नव्हते. वर्षानुवर्षे 'जुना संधिवात' खाली येई, मंडळी तो बांधीत, डबा उघडीत, डबा झाकीत आणि घरी जात.

ऐसे असता एके रविवारी खाशी स्वारी इमारतीच्या आवारात शेजारणीसंगे बॅडमिंटन खेळत होती. जे शटल सोडून देणे शहाणपणाचे होते त्यावर साहेब झेपावले, आणि उजवा घोटा दोन ठिकाणी मोडून घेतला. पट्टशिष्य धाकटे साहेब यांणी मोठ्या अदबीने प्लेट लाविली. मग जखम लाल जाहली, मग ताप भरला, मग पू आला. प्लेट काढली, शिरेवाटे औषधे बहुत काळ चालली, आणि जंतू निघाला तो घोट्याची हालचाल संगे घेऊन निघाला. आता साहेबांस फार वेळ उभे राहवेना. हात शाबूत, नजर शाबूत, आणि सारी विद्या एका सांध्यापाशी अडून बसली. अशा प्रसंगी भरपाई मिळावी म्हणोन त्यांणी विमा उतरविला होता. तिकडे अर्ज रवाना केला. उत्तर आले की, जुना संधिवात आमचे विम्यात बसत नाही.

साहेबांनी आपले कागद मागवून पाहिले. त्यावर लिहिले होते, 'घोटा ताठ. जुना संधिवात.' अक्षर धाकट्या साहेबांचे, भाषा आपली. मर्जी ऐसी खफा जाहली की काठी न घेताच उठले आणि लागलीच खाली बसले.

मग काठी घेऊन तळघरावर चाल केली. कोडखान्याची मुख्य बाई चष्मा कपाळावर सरकवून बसली होती. साहेबांनी आज्ञा केली की, हा संधिवात काढून प्लेटेच्या जंतुसंसर्गाचा कोड घालणे.

"सर, लिहिलंय तेच लावलंय," बाई म्हणाली.

"अगं, मी सांगतोय ना!"

"तुम्ही पेशंट आहात, सर. पेशंटच्या सांगण्यावरून कोड लागत नाही."

ऐसे उत्तर साहेबांस आजवर कोणी दिले नव्हते. ते दरवाजापर्यंत गेले, आणि घोटा बोलू लागला, आणि नाइलाजाने बाहेरच्या बाकावर बसावे लागले. तेथे आधीच एक बाई उजवा पाय सरळ पुढे करून बसली होती. जाणारा येणारा तो पाय ओलांडून जात होता. ती शाळेचे गणवेश शिवणारी. तिचा गुडघा साहेबांनीच बदलला होता, मग त्यातून पू आला, मग तो काढून दुसरा बसविला, आणि तो वाकेना, आणि वाकेना म्हणोन शिलाई यंत्राचे पायडल मारता येईना. विजेवर चालणाऱ्या यंत्रास मदत मिळावी म्हणोन ती कागद दुरुस्त करून मागत होती, आणि कोडखाना तिला वर पाठवी, आणि वरचे तिला खाली पाठवीत.

तिने साहेबांस ओळखले आणि सरकून जागा दिली.

"डॉक्टर, तुम्हीपण?" ती म्हणाली. "सकाळची पहिली पावलं फार जड जातात, नाही? पलंगावरच जरा पाय हलवून घ्या. मग उठा. मी तसंच करते."

साहेबांनी मान हलविली. इतके दिवसांत घोट्याची विचारपूस त्यापरीस नेमकी कोणी केली नव्हती. त्यांणी तिला मागे काय सांगितले होते ते त्यांस चांगले याद होते, आणि तिलाही असावे, परंतु तिने ते काढले नाही.

मग मोहीम वरच्या मजल्यावर वळली. धाकटे साहेब आता थोरल्यांच्या खुर्चीत बसत होते, आणि खुर्ची त्यांस मानवली होती. त्यांणी हात जोडले.

"सर, कारण लिहायचं नाही हे तुम्हीच शिकवलंत."

"माझ्यापुरतं लिही."

"तुमच्यापुरतं लिहितो. गुपचूप. पण पाटीला हात लावू नका, सर, माझी आत्ता कुठं सुरुवात आहे."

ऐसा तह जाहला. धाकट्या साहेबांनी लिहिले की, घोटा ताठ, प्लेटेस जंतुसंसर्ग जाहला त्यापायी. कोडखान्याने दोन कोड बांधिले. थोरल्या साहेबांनी बासुंदी झोडल्यागत तृप्त होऊन अर्ज फिरून पाठविला, आणि कंपनीकडोन जो खलिता आला तो वाचून त्यांचे तोंडचे पाणी पळाले. कंपनीने लिहिले होते की, आपल्या खात्यात जंतू कधी आलाच नाही असे आपणच दरसाल सहीनिशी कळविता. इतक्या गुडघ्यांत आणि खुब्यांत जो आला नाही, तो नेमका आपल्याच घोट्यात, आणि अर्ज फेटाळल्यानंतर, कोठून आला? सबब आपली दुरुस्ती संशयास्पद मानून दावा पुन्हा फेटाळीत आहो.

ही शिकस्त दारुण. आपल्याच बांधल्या तटावर आपणच डोके आपटावे, ऐसा प्रसंग. साहेब घरी येऊन जेवणाचे मेजाशी बसले आणि कंपनीस, शिष्यास आणि कोडखान्यास शिव्या देऊ लागले. बाईसाहेबांनी सारे ऐकून घेतले. त्या बाकावरील बाईची हकीकतही ऐकून घेतली. मग ताट पुढे सरकवून विचारले,

"अहो, त्या शिवणवाल्या बाईला तुम्ही काय सांगितलं होतंत?"

"वय झालं म्हणालो."

"मग तुमचंही वय झालं. सोडा तो विमा."

"मला जंतू झाला होता!"

"आणि तिला?"

साहेब भात कालवीत राहिले. तो कालवून कालवून लगदा जाहला, तरी घास उचलेना. बाईसाहेब उठून गेल्या. येथे कोणी म्हणेल की त्यांस पश्चात्ताप जाहला. जाहलाही असेल. परंतु लेखकास जे ठाऊक ते हे की, सर्वांचा जंतू कबूल केल्याखेरीज आपला जंतू कोणी मानणार नाही, हा हिशेब त्यांस त्या ताटावर उमगला.

मग इस्पितळाच्या दिवाणखान्यात मसलत बसली. साहेब काठी टेकून उभे राहिले, बसा म्हणता बसले नाहीत, आणि त्यांणी सांगितले की, मागील हुकूम रद्द. ज्याचे सांध्यात जंतू आला त्याचे कागदावर तो आला असे लिहावे. ज्याचे मागे व्यंग उरले त्याचे कारण लिहावे. आणि जुने कागदही काढून तपासावे. धाकट्या साहेबांनी विनंती केली की, पाटीचा तरी विचार व्हावा. कोणी केला नाही. तिचे पेच गंजले होते, ते निघता निघेनात, शेवटी पाटी भिंतीच्या पोपड्यासुद्धा उखडून आली. तळघरात कागदांचे ढीग उतरू लागले, आणि कोडखान्याची मंडळी आता विचार करावा लागणार म्हणोन दुखवटा पाळल्यागत बसली.

शिवणवाल्या बाईस बोलावणे गेले. मुख्य बाईने तिला नवे कागद वाचून दाखविले. तिने ते दोनदा वाचावयास लाविले आणि विचारले,

"म्हणजे माझं वय झालं नव्हतं?"

"नाही हो," मुख्य बाई चष्मा पुसत म्हणाली. "इन्फेक्शन झालं होतं."

"मग चार वर्षं मी उगाच माझ्या वयाला बोल लावला," ती म्हणाली, आणि कागद पिशवीत घालून, पाय सरळ ठेवूनच, एकेक पायरी चढून वर गेली. पुढे तिला विजेचे यंत्र मिळाले. थोरल्या साहेबांसही कंपनीने भरपाई दिली, आणि इस्पितळाने, सत्य निर्भयपणे उजेडात आणिले म्हणोन, त्यांचा जाहीर सत्कार केला. साहेबांस व्यासपीठाच्या पायऱ्या चढवेनात. तेव्हा शाल खाली आणोन पांघरविली, आणि भाषणात त्यांणी आपल्या धैर्याचे वर्णन बराच वेळ, बसून, केले.

येणेप्रमाणे घोट्याची मोहीम फत्ते जाहली. नोंद ऐसी: हस्तगत जाहले ते, कोड दोन. शत्रूकडील नुकसान, पाटी एक. आपलेकडील कामास आले ते, गुडघे, खुबे, घोटे. मोजणी चालू आहे.