खटल्याची बदली

घड्याळजी कोर्टातून आले ते तरातरा, आणि उंबऱ्यातूनच ओरडले, "आपण हरलो!"

"निकाल गुरुवारी आहे ना?" बायकोने विचारलं.

"असू दे! मला आजच कळला." त्यांनी खिशातून चिठ्ठी काढली. "आपल्या वकीलबाई बोलल्या बारा मिनिटं चार सेकंद. तेवढ्यात न्यायाधीशांनी मान हलवली तीनदा. साडूचा वकील बोलला एक्केचाळीस मिनिटं वीस सेकंद. मान सतरा वेळा! आणि प्रश्न किती विचारावेत! जावई घरी आल्यासारखी चौकशी चालली होती नुसती!"

"तुम्ही स्टॉपवॉच घेऊन बसला होतात?"

"मग काय टाळ्या वाजवायला बसू?"

भांडण उजेडाचं होतं. घड्याळजींच्या दुकानाला एकच खिडकी. शेजारी त्यांच्या साडूचं, म्हणजे बायकोच्या धाकट्या बहिणीच्या नवऱ्याचं, गाद्या-उशांचं दुकान. साडूने बारा फुटी पत्र्याचा बोर्ड लावला. त्यावर गाढ झोपलेला माणूस रंगवला, आणि त्या माणसाचे पाय नेमके घड्याळजींच्या खिडकीवर आले. तीन वर्षं घड्याळजी भरदुपारी दिवा लावून काम करत होते. डोळ्यांना सारखी धार लागे. मागच्याच आठवड्यात चिमट्यातला बारीक स्क्रू निसटून चहात पडला आणि तो त्यांनी पिऊनही टाकला. डोळ्यांच्या डॉक्टरांनी निर्वाणीचं सांगितलं होतं, "खिडकी तरी उघडा, नाहीतर दुकान तरी बंद करा."

वकीलबाई फोनवर म्हणाल्या, "अहो, गुरुवारपर्यंत कळ काढा. निकालाच्या तोंडावर काही उद्योग करू नका."

पण कळ काढतील ते घड्याळजी कसले! कोर्टाच्या पायरीवर बसणाऱ्या टायपिस्टने त्यांना सांगितलं, की एका कोर्टातला खटला काढून दुसऱ्या कोर्टाकडे द्यायचा अधिकार वरच्या मोठ्या न्यायाधीशांना असतो. झालं! घड्याळजींच्या अंगात वारंच शिरलं. वकीलबाईंना पत्ता लागू न देता त्यांनी तिथंच अर्ज सांगायला सुरुवात केली.

"सेकंदसुद्धा टाकू?" टायपिस्टने विचारलं.

"सेकंदच तर टाका! मिनिटं काय, कोणीही मोजतं."

बुधवारी अर्ज सुनावणीला निघाला. साडू आलाच नव्हता. अर्जाची नोटीस सकाळीच मिळालेला त्याचा वकील तेवढा होता. मोठ्या न्यायाधीशांनी अर्ज वाचला, चष्मा काढला, पुसला, पुन्हा वाचला.

"मान सतरा वेळा हलली, म्हणून न्यायाधीश पक्षपाती?"

"अठरावी धरली नाही, साहेब. तेव्हा माशी होती."

मागच्या बाकांवर खसखस पिकली.

"अहो, जास्त वेळ ऐकलं म्हणजे बाजू घेतली असं होत नाही," म्हणत ते अर्ज बाजूला सारणार, एवढ्यात साडूचा वकील ताडकन उठला.

"आमची काही हरकत नाही, साहेब! खटला दुसरीकडे द्या! खुशाल द्या! आजच द्या!"

घड्याळजींना भरूनच आलं. शत्रूचा वकील, पण माणूस दिलदार! मोठ्या न्यायाधीशांनी एकदा वकिलाकडे पाहिलं, एकदा घड्याळजींकडे पाहिलं, आणि सही केली. दोन्ही बाजू राजी, तेव्हा खटला दुसऱ्या कोर्टात. तिथं युक्तिवाद नव्याने. तारीख चार महिन्यांनी.

घड्याळजी हुकूम फडकावत धावतच निघाले. कोपऱ्यावर वळले आणि जागीच थबकले. त्यांच्या खिडकीतून ऊन आत गेलं होतं! आतलं टेबल, चिमटे, काचेची बरणी, सगळं लखलखत होतं. बोर्ड भिंतीला टेकवून जमिनीवर उभा होता. शिडीवर चढलेला साडू भिंतीतला शेवटचा खिळा उपटत होता.

"साडूभाऊ!" घड्याळजी शिडीखाली धावले. "हे... हे काय?"

"काय करू!" साडू वरूनच कण्हला. "आमचा वकील म्हणाला, न्यायाधीशांनी मला पाऊण तास नुसतं सोलून काढलं. एका प्रश्नाला धड उत्तर देता आलं नाही. मान हलवून 'बरं, पुढे?' म्हणायचे आणि पुढचा प्रश्न! उद्याचा निकाल तुमच्याच बाजूने, लिहून ठेवा म्हणाला. म्हटलं, चारचौघांत नाक कापून घेण्यापेक्षा आपणच काढावा. जिंकलात तुम्ही." मग त्याची नजर घड्याळजींच्या हाताकडे गेली. "तो कागद कसला?"

घड्याळजींनी कागद पाठीमागे लपवला. पण साडू तोवर खाली उतरला होता. त्याने कागद ओढून घेतला, एकदा वाचला, दुसऱ्यांदा मोठ्याने वाचला, आणि घड्याळजींना अशी कडकडून मिठी मारली की त्यांचा चष्मा वाकडा झाला.

"चार महिने! साडूभाऊ, देवासारखे धावून आलात हो!"

आणि बोर्ड खांद्यावर घेऊन तो पुन्हा शिडी चढू लागला. शिडी डुगडुगायला लागली. दुकानातून घड्याळजींच्या बायकोचा आवाज आला, "अहो, बघत काय उभे राहिलात? पडतील ना ते! शिडी धरा!"

घड्याळजींनी शिडी धरली.

"थोडं उजवीकडे झालं का हो?" वरून साडूने विचारलं.

"नाही," घड्याळजी खालून म्हणाले, "सरळ आहे."