काळजीवाहू कोच

क्लबच्या मालकांनी ‘कसे आहात?’ असं विचारलं, की अर्मांदो घरी येऊन बॅग भरायला घ्यायचा.

‘गुड मॉर्निंग’ म्हटलं तर ठीक. नुसती मान हलवली तरी ठीक. पण ‘कसे आहात’ म्हणजे नोकरी गेली, असा त्याचा चार देशांतला अनुभव होता. मग वरच्या मजल्यावर कपाटाची दारं वाजायची, चाकांची बॅग फरशीवरून घरंगळायची, आणि खाली आई मला म्हणायची, “मीना, आज परत कुणीतरी त्याची चौकशी केली वाटतं.”

माझे वडील बेळगावहून इथल्या सरकारी कारखान्यात नोकरीला आले आणि मल्लेश्वरममध्ये घर बांधून राहिले. ते गेल्यावर वरचा मजला रिकामाच होता. एका फुटबॉल क्लबनं तो आपल्या नव्या पोर्तुगीज कोचसाठी भाड्यानं घेतला. कोच म्हटल्यावर मी एखाद्या दणकट, आरडाओरडा करणाऱ्या माणसाची वाट बघत होते. आला तो पंचावन्नच्या आसपासचा, काटकुळा, डाव्या पायानं जरासा लंगडणारा गृहस्थ. दारात उभं राहून त्यानं पहिला प्रश्न विचारला, “गच्चीवरची पाण्याची टाकी किती जड आहे?” त्याची झोपायची खोली बरोबर तिच्याखाली होती.

त्याचा आवडता शब्द ‘काल्मा’. म्हणजे शांत व्हा. तो हे इतरांना सांगायचा. रिक्षावाल्याला, दूधवाल्याला, जिन्यात झोपलेल्या मांजराला. यातलं कुणीच अस्वस्थ नसायचं. आईला बरेच दिवस ते त्याच्या गोळीचं नाव वाटत होतं.

हळूहळू त्याची हकिकत कळत गेली. बाप मासेमारी करणारा, गाव बंदराचं. सतराव्या वर्षी हा गावातल्या क्लबकडून खेळायला लागला, मग दुसऱ्या दर्जाच्या लीगमध्ये बारा वर्षं लेफ्ट बॅक. गुडघा गेला तेव्हा खेळ सुटला. “लेफ्ट बॅकचं काम काय?” तो मला म्हणाला होता. “सगळे पुढे धावतात तेव्हा मागे काय होईल याची काळजी करायची. गुडघा गेला, काम राहिलं.”

मग कोच म्हणून मोझांबिक, सायप्रस, ओमान, थायलंड. प्रत्येक देश तो तिथून आपल्याला कसं काढलं यावरून लक्षात ठेवायचा. ओमानमध्ये ही बातमी त्याला टॅक्सीवाल्यानं सांगितली. थायलंडमध्ये तो चहा पीत असताना नवा कोच घर बघायला आला. यानं त्यालाही चहा दिला, आणि गीझर नीट चालत नाही म्हणून सावध केलं.

आईला इंग्रजी येत नाही, त्याला मराठी-कन्नड येत नव्हतं. पण पहिल्याच आठवड्यात तो किल्ली हरवून खाली आला आणि खिसे चाचपत ‘शाव, शाव’ म्हणाला. आई म्हणाली, “चावी?” त्याचे डोळे मोठे झाले. मग त्याला आमच्या स्वयंपाकघरात बटाटा सापडला, कोबी सापडला, साबण सापडला, बादली सापडली. सगळे त्याच्याच गावचे शब्द. आईनं निकाल दिला, “आपल्यातलाच आहे. उच्चार तेवढे बिघडलेत.” गल्लीचं बघून तोही तिला अक्का म्हणायला लागला. रोज सकाळी तो खाली डोकावून, सगळं ठीक ना अशा अर्थी, गल्लीतल्याच कन्नडमध्ये विचारायचा, “अक्का, सरी?” आई म्हणायची, “सरी.” एवढ्यानं त्याचं समाधान व्हायचं नाही. तो मागच्या पायऱ्या ओल्या आहेत का ते बघून यायचा.

एकदा मी त्याची मॅच बघायला गेले. त्याचा संघ दोन गोलांनी पुढे होता आणि हा मैदानाच्या कडेला डोकं धरून बसला होता. नंतर मी कारण विचारलं. “दोन-शून्य फार वाईट,” तो म्हणाला. “आता फक्त हरायचंच उरतं.”

त्या मोसमाच्या शेवटी खरंच काळजी करायची वेळ आली. संघ तळाला होता. शेवटची मॅच जिंकली तरच क्लब लीगमध्ये राहणार. आदल्या दिवशी मालकांनी ‘कसे आहात’ विचारलंच, वर ‘घरचे कसे आहेत’ हेही विचारलं. त्या दिवशी वर दोन्ही बॅगा भरल्या गेल्या.

मॅच संध्याकाळी पाचला होती. मी सर्जापूर रोडला ऑफिसात होते. एकच्या सुमाराला त्याचा फोन आला. “मीना, अक्का पडली. शुद्धीवर आहे. अँब्युलन्स आली आहे. तू सावकाश ये.”

त्याचा आवाज अगदी शांत होता. इतक्या महिन्यांत तो तसा मी कधी ऐकला नव्हता. मी कॉम्प्युटर तसाच चालू ठेवून निघाले.

हॉस्पिटलला पोचायला मला दोन तास लागले. कपडे वाळत घालताना आई मागच्या पायऱ्यांवरून घसरली होती. हा टीमच्या बसकडे निघालेला. त्यानं तिला उचललं नाही, शेजाऱ्यांनाही उचलू दिलं नाही. पायाला उशांचा आधार देऊन, अँब्युलन्स येईपर्यंत तो तिच्या शेजारी फरशीवर बसून राहिला होता. खुब्याचं हाड मोडलंय, ऑपरेशन उद्या, असं डॉक्टर म्हणाले. आईला आत नेलं होतं. हा बाहेर बाकावर, अंगात क्लबचं जॅकेट, हातात आईचा चष्मा आणि चपला.

“तू जा आता,” मी म्हटलं. “अजून पोचशील.”

“असिस्टंट आहे तिथं.”

“अर्मांदो, तुझी नोकरी जाईल.”

तो चष्म्याची काच जॅकेटला पुसत राहिला. “माझी आई गेली तेव्हा मी सायप्रसमध्ये होतो,” तो म्हणाला. “मॅचचा दिवस. फोन बंद ठेवला होता मी. मॅच बरोबरीत सुटली. एक-एक.” मग चष्मा उजेडात धरून, “त्या वर्षी आम्ही नववे आलो.”

मी त्याच्या शेजारी बाकावर बसले.

सातच्या आसपास असिस्टंटचा मेसेज आला. एक-शून्य. क्लब वाचला होता. पुढे महिन्याभरानं त्यांनी अर्मांदोचा करार वाढवला नाही. एवढ्या मोठ्या मॅचला हजर नसलेला कोच त्यांना नको होता. त्यानं कुणाला कारण सांगितलं नाही, आणि मलाही सांगू दिलं नाही. पण हे सगळं नंतरचं. त्या संध्याकाळी त्यानं मेसेज वाचला, फोन खिशात टाकला आणि पुन्हा दाराकडे बघत बसला.

थोड्या वेळानं नर्सनं दार उघडून कन्नडमध्ये विचारलं, “पेशंट जोते यारिद्दीरा?” पेशंटबरोबर कोण आहे?

त्याला यातलं ‘पेशंट’ तेवढं कळलं असेल. मी पर्स उचलून उभी राहीपर्यंत तो आत पोचला होता.