तात्या तोलारांची गोल पंगत

भुईमुगाच्या शेंगेत तीन दाणे निघाले की तात्या तोलार अस्वस्थ व्हायचे. दोन निघाले तर प्रश्नच नाही. एक तुम्हाला, एक त्यांना. पण तीन! मग तिसरा दाणा ते नखाने उभा चिरायचे, अर्धा माझ्या तळहातावर ठेवायचे आणि दोन्ही फाकांकडे डोळे बारीक करून बघायचे. "काटा मधी पायजे, शेट."

मी शेट वगैरे कोणी नव्हतो. नगरला माझा एक लहानसा छापखाना होता, त्यातलं ट्रेडल मशीनसुद्धा कुरकुरायचं. पण तात्यांच्या लेखी सगळेच शेट. मार्केटात पोती तोलण्यात त्यांचा जन्म गेला होता, आणि तिथला हमालही शेट आणि अडत्याही शेट. पुण्याला जाताना एस.टी.त ते खिडकीशी बसायचे आणि शिरूर आलं की मला झोपेतून उठवायचे. "उठा, आता खिडकी तुमची." मला खिडकी नको असली तरी घ्यावी लागे.

अशा माणसाच्या हाती बहात्तरच्या निवडणुकीत एक अख्खी आघाडी पडली. सरकारपक्षाविरुद्ध जिल्ह्यातल्या लहान-लहान पक्षांनी आणि संघटनांनी मिळून 'समान हक्क आघाडी' काढली होती. त्यात दलित वस्तीतली तरुण मंडळी होती, मोमीन होते, तेलुगू बोलणारे विणकर होते, धनगर होते, मिशनच्या आवारातले ख्रिस्ती होते आणि भंडारदऱ्याकडून आलेले दोन ठाकर आदिवासी होते. मागणी एकच, सगळ्या जातीजमातींना सारखा मान. निमंत्रक कोणी व्हायचं यावर मात्र तीन बैठका मोडल्या. शेवटी तात्या कुणाचेच नाहीत असं सर्वानुमते ठरलं आणि ते निमंत्रक झाले.

पहिला हिसका मला बसला. पत्रकावर कोणाचं नाव आधी? तात्या म्हणाले, "गोल छापा." मी समजावलं की छपाईच्या अक्षरांचे शिशाचे खिळे सरळ ओळीत बसतात, गोलात बसत नाहीत. "मान्सं गोलात बसत्यात, मग खिळ्यांना काय धाड भरली?" दोन दिवस झटून मी नावं गोलात बसवली. ती वाचायला कागद गाडीच्या चाकासारखा फिरवावा लागे. पारनेरकडच्या एका गावात लोकांना ते मंतरलेलं यंत्र वाटलं आणि त्यांनी ते गोठ्याच्या दारावर चिकटवलं. म्हशी दूध चांगलं देऊ लागल्या म्हणे. मतांचं काही कळलं नाही.

आघाडीचा दुसरा ठराव होता सहभोजनाचा. प्रचाराला जाऊ त्या गावी सगळ्यांनी एका पंगतीला बसायचं. ठराव टाळ्यांत झाला आणि पहिल्याच गावी भांडण लागलं, कारण पंगतीला तोंड असतं आणि शेपूट असतं. आधी कोणाला वाढायचं? तात्यांनी तोडगा काढला, गोल पंगत! तोंडं आत, पाठी बाहेर. कोणी पहिला नाही, कोणी शेवटचा नाही.

आमचे उमेदवार हमीदभाई हौसेने आमटीची बादली घेऊन मधोमध उभे राहिले आणि गरगर फिरत सगळ्यांना वाढत सुटले. वाढून झाल्यावर त्यांच्या लक्षात आलं की बाहेर यायला वाट नाही. जेवणाऱ्याचं पान ओलांडायचं नाही, आणि सगळ्यांचं झाल्याशिवाय कोणी उठायचं नाही. हमीदभाई बादलीसकट अडकले. तिकडे सभेची माणसं खोळंबली होती.

"तात्या, थोडी जागा सोडायला पाहिजे होती हो," ख्रिस्ती मंडळींचे शमुवेलकाका म्हणाले.

"जागा सोडली की दोन टोकं आली, आन टोकं आली की पैला-शेवटचा आला," तात्या म्हणाले आणि शांतपणे भाकरी कुस्करू लागले.

हमीदभाईंनी मग तिथूनच भाषण ठोकलं. सबंध प्रचारात त्यांचं तेच भाषण पूर्ण ऐकलं गेलं, कारण श्रोत्यांना उठून जाता येईना.

मतदानाच्या आधीच्या रविवारी पंगत तात्यांच्या घरी, केडगावात ठेवली होती. आदल्या दिवशी ते छापखान्यात आले आणि टेबलावरचे खिळे उगाच सारखे करत बसले. मग म्हणाले, "शेट, उद्या दादा आला पायजे."

दादा म्हणजे त्यांचे थोरले बंधू. तात्या तरुणपणी दलित वस्तीतल्या एका लग्नात जेवून आले, म्हणून दादांनी अंगणात मधोमध भिंत घातली. तेव्हापासून बोलणं बंद. तात्या आमंत्रण द्यायला गेले, तेव्हा दादांनी हो म्हटलं नाही आणि नाहीही म्हटलं नाही.

"मंडळींना सांगून ठेवू का?" मी विचारलं.

"नगं! जगाला एका पंगतीत बसवाया निघालो, आन सख्खा भाऊ माझ्या शेजारी बसंना. कुन्या तोंडानं सांगू?"

रविवारी अंगणात गोल पंगत बसली. तात्यांच्या बायकोने, म्हणजे काकूंनी, पहाटेपासून राबून लापशी केली होती. पत्रावळी वाढून झाल्या, आणि तात्यांच्या शेजारी एक पान रिकामं होतं.

"थांबा," तात्या म्हणाले. "एक मानूस यायचाय."

"कोण?" तात्या बोलेनात. लापशी निवली. आमटीवर साय धरली. मंडळी कुजबुजू लागली. शमुवेलकाकांना वाटलं, मुंबईहून मोमिनांचा कोणी पुढारी येतोय. हमीदभाईंना वाटलं, विणकरांनी परस्पर कोणाला तरी बोलावलं. विणकरांचा धनगरांवर संशय. शेवटी धनगरांचे एक म्हातारबुवा उठले. "आमी एवढी बसलोय ती मान्सं न्हाईत व्हय? एकासाठी समद्यांनी थांबायचं, ही कसली समता?"

मी तोंड उघडणार, तोच तात्यांनी माझं मनगट गच्च धरलं. बघता बघता सगळी पानावरून उठली आणि आपापल्या चपला शोधू लागली. ठाकरांनी तेवढा जाताना काकूंना नमस्कार केला. आघाडी बैठकांत जमली होती, मोडली मात्र भरल्या पानांवर.

मी तात्यांवर भयंकर चिडलो होतो. एक शब्द बोलले असते तर सगळं वाचलं असतं! ते मात्र वाकून एकेक पत्रावळ उचलत होते. काकू पदराने डोळे पुसत भांडी आवरत होत्या. उन्हं कलली होती.

भिंतीपलीकडे कोणीतरी खाकरलं.

"दत्तू."

तात्या होते तिथेच थांबले.

"पावने उपाशी गेले का रं?"

"व्हय, दादा."

पलीकडची पावलं भिंतीच्या आणखी जवळ आली. मग जरा घोगऱ्या आवाजात, "आन तू? तू जेवलास का?"

तात्यांनी सकाळपासून पाण्याच्या घोटापलीकडे काही घेतलं नव्हतं. माझा राग कुठल्या कुठे गेला. त्यांनी भिंतीवर तळहात टेकला.

"जेवलो, दादा," ते म्हणाले. "लई जेवलो. पोट भरलं."