प्रल्हादभाऊंचे गुडघे

वरठीतल्या आमच्या शेजारच्या प्रल्हादभाऊंचा एकही धड फोटो नाही, आणि हा माणूस तीस वर्षं कॅमेरामन आहे! मध्यंतरी कोणीतरी सत्कारासाठी फोटो मागितला, तर यांच्याकडे निघाले नुसते गुडघे, एक कान आणि अर्धी मिशी.

याला कारण त्यांची पद्धत. भाऊ लग्नाबिग्नाचं शूटिंग करत नाहीत. ज्यांचा हक्क कोणीतरी मारलाय, अशा माणसांवरच्या माहितीपटांचं करतात. पण कोणाच्याही तोंडासमोर कॅमेरा धरण्याआधी तो त्याच्याच हातात देतात. "आधी तुमी माहा काढा, मंग मी तुमचा काढतो. मामला बरोबरीचा पाह्यजे." दिग्दर्शक कपाळाला हात लावतात. करडीच्या अंजनाबाईंना पिढीजात तलावात मासे धरायची बंदी झाली होती, पण त्या कोणापुढे तोंड उघडेनात. भाऊंनी कॅमेरा दिला. बाईंनी दुपारभर भाऊंचे पाय टिपले, आणि मग ज्या बोलायला लागल्या त्या बॅटरी संपली तरी थांबल्या नाहीत.

गेल्या रविवारी भाऊंचा कॉम्प्युटर गच्च भरला. आपण हुशार! "भाऊ, तुमी चहा ठेवा, मी कचरा काढतो," म्हणत मी ते गुडघ्यांचे सगळे व्हिडिओ निवडले. डिलीटवर बोट टेकणार, तोच एरवी आवाजही न चढवणारा हा माणूस ओरडला, "हात लावू नोको! काय करून राहिला?"

"अहो, यात दिसते तरी काय?"

"पाहाले नाही ठेवलं. आयकाले ठेवलं."

त्यांनी एक व्हिडिओ लावला. पडद्यावर भाऊंच्या चपला. मागून अंजनाबाईंचा आवाज: "किती वाळला रे बाबू! जेवला का? घरी कोणी इचारते का नाही?"

"अंजनाबुडी मागच्या साली वारली," भाऊ म्हणाले. "सारेच असं इचारतात, कॅमेरा हातात आला का. माह्या घरी इचारनारं कोन हाय?"

तिकडे चहा उतू गेला. मला फार वाईट वाटलं. बारा वर्षं भिंतीला भिंत लागून राहतो, त्यांच्या गुडघ्यांची चेष्टा हजारदा केली, हे मात्र एकदाही विचारलं नव्हतं.

"भाऊ, जेवला का तुमी?"

भाऊ उठले. कॅमेरा आणून माझ्या हातात दिला, चालू केला आणि समोर खुर्चीत नीट बसले.

"हं. आता इचार."

मी विचारलं. विचारताना पाहिलं त्यांच्या तोंडाकडे, कॅमेऱ्यात नाही. माझ्याही व्हिडिओत गुडघेच आले.