पाणी-फडातील जोडणीचे आणि चिंचदऱ्याच्या विहिरीचे वृत्त

श्रीगजवदनास वंदन करोन, आणि ज्यांचे घरी त्या दिवसांत पाणी पोहोचले नाही त्यांची क्षमा मागोन, जाहले वृत्त जाहले तैसे लिहिले असे.

शके एकोणीसशे सेहेचाळीस, क्रोधीनाम संवत्सरी, फाल्गुन वद्य षष्ठीचे प्रातःकाळी राज्याच्या पाणी-फडात, म्हणजे पाणीपुरवठ्याचे कचेरीत, ऊन आले. ते प्रथम पूर्वेकडील खिडकीच्या गजांवर थबकले, आणि मग गजांच्या सावल्या सोबत घेवोन फरशीवर उतरले, आणि एका उडालेल्या टवक्यात क्षणभर विसावोन लोखंडी कपाटाचे पायाशी गेले, आणि तेथून दप्तरांच्या विटलेल्या फितींवरोन, काल अर्धा राहिलेल्या पाण्याच्या पेल्यावरोन, संगणकाच्या बंद पडद्यावर आले. आणि एरवी कोणास न दिसणारी धूळ कणाकणाने उजळली. ते पाहावयास फडात एकटे निशिकांत कारकून होते. सर्वांआधी यावे आणि घडीभर निःशब्द बसावे, ऐसा त्यांचा परिपाठ होता.

त्या फडाचा कारभार थोर इंदुमतीबाई रणदिवे यांनी तेवीस वर्षे चालविला. एकाहत्तर गावांहून विहिरींचे माप येई, बाई ते एक्सेलच्या तक्त्यात भरीत, आणि जेथे संशय येई तो रकाना पिवळा करीत, आणि मग दूरध्वनी उचलोन त्या गावी विचारीत. पाणी काठापासून दहा मीटरांहून खोल गेले ऐसे ठरे, त्या गावी टँकर जाई. बाई फाल्गुनअखेर सेवानिवृत्त होणार, आणि तक्ता निशिकांतांनी घ्यावा ऐसी सरसुभेदारांची आज्ञा जाहली. तेव्हां निशिकांतांनी लेखी अर्ज केला की, पायथन नामे प्रोग्रॅमिंगची भाषा आम्ही जाणतो, तक्ता आणि भाषा यांमध्ये दुभाष्याचे काम करणारे अॅड-इन बसविले असता गावांची यादी आपोआप निघेल, आठ दिवसांची मुदत असावी. त्याच षष्ठीस मुदत मिळाली.

मग मोहीम सुरू जाहली. यंत्रशाळेचे अधिपती घनश्याम मुळ्ये यांचे परवलीचे शब्दावाचोन संगणकावर काही बसत नसे. त्यांची स्वारी तीन दिवसांनी आली, शब्द स्वहस्ते टंकिला, आणि जाताना म्हणाले की कोणी काही नवे बसविले की खालच्या मजल्यावरचा प्रिंटर रुसतो, एवढे पाहावे. मग कळो आले की एक्सेल बत्तीस बिटांचे आणि भाषा चौसष्ट बिटांची, सबब दुभाषा उभयतांचे मध्ये उभाच राहीना. मग भाषा मुळापासोन काढिली, आणि पुन्हा बत्तीस बिटांची आणोन बसविली, आणि मग सुरक्षेच्या पहाऱ्याने अॅड-इन चोर समजोन कैद केले, आणि ते सोडवावयास पुन्हा मुळ्यांकडे अर्ज गेला. निशिकांतांचे चित्त बहुत उद्विग्न जाहले. अन्न गोड लागेना. पडद्यावरील तांबडी अक्षरे डोळे मिटिले तरी दिसत.

बाई रोज दुपारी आपली खुर्ची सरकवोन जागा करीत आणि त्यांस बोलावीत.

"निशिकांत, माझ्यासमोर दोन फोन तर लावून बघ. मी शेजारीच आहे."

"उद्या बसतो, मॅडम. जोडणी झाली की फोनची गरजच पडणार नाही."

"असं म्हणतोस? चिंचदऱ्याचा भिवाजी कधी कठड्यावरून टेप सोडतो, कधी तीन मीटर खालच्या पायरीवरून. हे तुझी भाषा विचारेल त्याला?"

निशिकांत हसले, आणि पडद्याकडे वळले. ऐसे पाच वेळां जाहले.

आठवे दिवशी बाईंस शाल आणि नारळ अर्पण होत असता, इकडे एक्सेलच्या माथ्यावर अॅड-इनचे नाव उमटले. निशिकांतांनी कळ दाबिली, आणि बाईंस जेथे दोन दिवस लागत तेथे डोळ्यांचे पाते लवते न लवते तोच यादी निघाली. ते हर्षाने उठले. बाईंस सांगावे म्हणोन जिन्यापर्यंत गेले, तो रिक्षा निघोन गेली होती.

यादी रवाना जाहली. तीत चिंचदरा नव्हता. तेथे पाणी अकरा मीटर खोल होते. भिवाजीने पायरीवरोन मोजोन आठ कळविले होते. जाताना बाईंनी तो रकाना पिवळा केला होता, परंतु निशिकांतांनी भाषेस आकडा वाचावयास सांगितले, रंग सांगितला नव्हता. चौथे दिवशी निशिकांतांचे मेजावरील दूरध्वनी वाजला आणि वाजतच राहिला; ते त्याकडे पाहत बसले. अखेर शेजारचे मेजावरील कारकुनाने येवोन उचलिला, आणि फोन सर्वांस ऐकू जाईल ऐसा केला. भिवाजी शांतपणे बोलत होता.

"साहेब, टँकर नाही आला. बायका पलीकडच्या नाल्यावर जातात, काल एक घसरली, पाय मोडला तिचा. बाई दर खेपेला विचारायच्या, भिवा, कुठून मोजलंस? यंदा कुणी विचारलंच नाही, म्हणून म्हटलं बरोबर असेल."

त्याच दिवशी टँकर गेला. मोडल्या पायाचे काही करिता येण्याजोगे नव्हते. मग निशिकांतांनी दोन दिवस खपोन सहा ओळी नव्या लिहिल्या, आणि भाषा रंगही वाचू लागली, आणि अकरा संशयित गावांची नावे, प्रत्येकापुढे दूरध्वनीचा क्रमांक, ऐसा सुरेख तक्ता पडद्यावर आला. ते त्यासमोर पुष्कळ वेळ बसले. दूरध्वनी शेजारीच होता; हात मेजावरच राहिला.

तात्पर्य येणेप्रमाणे: अॅड-इन नीट बसले. भाषेने सांगितले तितके केले. पिवळ्याचा अर्थ बाईंनी पहिल्याच दिवशी सांगितला होता, आणि तो निशिकांतांस कळला होता. त्यांस फोनवर अनोळखी माणसाशी बोलावयाचे भय वाटत होते.