रामराम करू नका!

देवासच्या भर बाजारात उभं राहून "मला कोणी रामराम करू नका!" असं ओरडणारा एकच माणूस होता. ते आमचे शेजारी केशवराव. मुंबईला गिरणीच्या हपिसात काही वर्षं काढून ते परतले, ते हँडल फिरवायचा एक सिनेमाचा क्यामेरा घेऊनच. आता त्यांना मुंबईवर फिल्म काढायची होती, तीही देवासात!

"यात राम नाही, रावण नाही, गोष्टसुद्धा नाही," ते छाती काढून सांगत. "नुसतं शहर. माणसं अंगावरून जातात, कोणी कोणाकडे बघत नाही. बस, इतकंच!"

देवासकरांना नेमकं तेच जमेना. केशवरावांनी गल्लीतली माणसं गोळा केली, "ओळख दाखवायची नाही" असं दम देऊन बजावलं आणि रस्त्यावर सोडली. मी हँडल फिरवायला लागलो, तोच सराफभिया थबकले.

"कां हो जोशीबुवा, मुलीचं जमलं का?"

फिल्म वाया! जोशीबुवा तर क्यामेऱ्यालाच नमस्कार करून पुढे गेले.

मग जिन्याच्या पायरीवर एकटं बसायला एका म्हाताऱ्या काकांना तयार केलं. लगेच पानवाला त्यांना खेटून बसला. "काकासाब, अकेले क्यों बैठे हो? तब्येत बरी आहे ना?"

"या गावात एकटं बसणं कोणाच्या बापाला जमायचं नाही!" केशवराव कडाडले आणि शेवटी स्वतःच जाऊन बसले. त्यांना मात्र ते पहिल्याच खेपेला जमलं. इतकं, की मला बघवेना.

फिल्म तयार झाली. दसऱ्याच्या मेळ्यात दाखवायची तर देवासच्या दोन संस्थानांपैकी मोठ्याच्या, थोरल्या पातीच्या दरबाराचा होकार हवा. दरबारचे कारभारी कामदारसाहेब, त्यांनी ती पाहिली आणि मान डोलावली.

"उत्तम! फक्त शेवटी त्या पायरीवर श्रीकृष्ण प्रकट करा. लोकांना बरं वाटेल. मग खुशाल दाखवा."

मी मागून "हो म्हणा, हो म्हणा" अशा खुणा करत होतो. मुकुट आणि बासरी आमच्याच घरात पडून होती. वर्षभराची खटपट एका होकारावर अडली होती.

"नाही," केशवराव म्हणाले.

"अहो, एवढ्याशा देवानं काय बिघडतं?" कामदारसाहेबांनी विचारलं.

"बिघडतं! नसेल दाखवायची तर राहू द्या." केशवरावांचा चढलेला आवाज एकाएकी खाली आला. "साहेब, मुंबईत अशाच एका पायरीवर मी रोज संध्याकाळी बसत होतो. कोणी आलं नाही."